घरोघरीचे चित्रपट संग्रहालय

काशीचा अमृतराव घाट, म्हणजेच राजा घाट, पेशव्यांच्या घराण्याची आठवण सांगत आजही गंगाकाठी उभा आहे. याच काशीत १९२०च्या सुमारास दादासाहेब फाळके चित्रपटधंदा सोडून राहिले होते. 'रंगभूमी' हे नाटक त्यांनी तिथेच लिहिले. घाटाचा दगड टिकला, पण फाळक्यांची फिल्म? १९१३च्या 'राजा हरिश्चंद्र'च्या चार रिळांपैकी आज दोनच पाहायला मिळतात. पहिला बोलपट 'आलम आरा' (१९३१) तर पुरताच हरवला आहे.

असे का झाले? त्या काळची नायट्रेट फिल्म चटकन पेट घेई. शिवाय चांदी काढण्यासाठीही जुनी रिळे विकली गेली. १९६४ साली पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय निघाले आणि पी. के. नायर यांनी गावोगाव हिंडून रिळे गोळा केली. तरीही जानेवारी २००३मध्ये पुण्यातच लागलेल्या आगीत त्यांतली पुष्कळशी जळून गेली.

नावाजलेल्या चित्रपटांची निदान हळहळ तरी होते. पण आठवड्या-दोन आठवड्यांत उतरलेल्या, नावही विसरलेल्या मराठी चित्रपटांचे काय? त्यांना आसरा दिला रसिकांनीच. दूरदर्शनवरून कॅसेटवर उतरवलेला चित्रपट कुणी यूट्यूबवर टाकतो. फेसबुकवर दुसरा कुणी गाण्यांच्या पुस्तिकेचे छायाचित्र लावतो. एखादा चेहरा ओळखीचा वाटतो, नाव आठवत नाही. मग व्हॉट्सॲपवरून प्रश्न आजीपर्यंत पोचतो आणि ती नटाचे नाव सांगून मोकळी होते. नावे, साल, आठवणी, सारे असे जुळत जाते.

मात्र या साठ्यावर विसंबून राहता येत नाही. प्रती अंधूक, कापलेल्या, श्रेयनामावलीच गायब. हक्कदाराची तक्रार आली किंवा खाते बंद पडले, की चित्रपट एका रात्रीत नाहीसा! आपल्या कायद्याने प्रदर्शनानंतर साठ वर्षांनी चित्रपटाचा हक्क संपतो. कथा-गीतांचे हक्क मात्र निराळे असतात.

म्हणून वाचकहो, माळ्यावरच्या जुन्या कॅसेटी टाकून देऊ नका. त्या दमटपणापासून जपा, वेळीच संगणकावर उतरवून घ्या आणि चित्रपटाचे नाव, साल, प्रत कुठून मिळाली हे सोबत लिहून ठेवा. एक प्रत दुसऱ्या घरीही असू द्या. आणि कुणाकडे खरे रीळ निघालेच, तर ते घरात न ठेवता पुण्याच्या संग्रहालयाला कळवा. कदाचित त्या चित्रपटाची तीच शेवटची प्रत असेल.