फिलिपिनो तरुणीचें ‘उत्तर’

फिलिपाइन्समधील तागालोग भाषेंत ‘पामामान्हिकान’ असा एक शब्द आहे. त्याच्या मुळाशीं असलेल्या धातूचा अर्थ जिना चढणें, एवढाच. तेथील जुनीं घरें खांबांवर उभारलेलीं असत. लग्नाचीं बोलणीं करावयास येणाऱ्या मुलाच्या आईबापांना आधीं मुलीच्या घराचा जिना चढावा लागे. आज मनिलांतील कुटुंब सिमेंटच्या इमारतींत राहतें, आणि मुलामुलींनीं एकमेकांस मोबाइलच्या पडद्यावरच पसंत केलेलें असतें. तरी हा समारंभ सहसा चुकत नाहीं. मुलाकडील मंडळी खाद्यपदार्थ घेऊन येतातच.

त्यापूर्वींचा काळ प्रणयाराधनाचा. पूर्वीं तरुण रात्रीं मित्रांसह खिडकीखालीं गिटार वाजवून गात असे. मुलीच्या घरीं लांकडें फोडी, पाणी भरी. मुलीनें मात्र आपला कल चेहऱ्यावर उमटूं द्यावयाचा नाहीं, अशी रीत होती. बऱ्याच दिवसांनीं ती ‘उत्तर’ देई. ‘तिनें त्याला उत्तर दिलें’ या तागालोग वाक्याचा अर्थच ‘होकार दिला’ असा होतो. नकारासाठीं मात्र इंग्रजीवरून ‘बास्टेड’ हा शब्द उसना घेतलेला आहे, ही गंमतच म्हणावयाची!

या संकोचाला तेथें मारिया क्लारा हें नांव आहे. होसे रिझाल यांच्या १८८७ सालच्या ‘नोली मे टांगेरे’ या कादंबरीची ती नायिका. विनयशील कन्येचा आदर्श म्हणून तिच्याकडे बोट दाखविणारे हें विसरतात कीं, त्या बिचारीची अखेर मठाच्या भिंतींआड होते. शिवाय हा आदर्श फारसा पुरातनही नव्हे. १५६५ पासून स्पॅनिश सत्ता रुजूं लागली. तिच्या पूर्वीं तेथील स्त्री स्वतःची मालमत्ता बाळगी, व न पटल्यास नवऱ्याला सोडूंही शके.

आजच्या तरुणीला ‘एम. यू.’ नांवाची एक मधली अवस्था ठाऊक आहे: दोघांनाही मनांतून कळलेलें असतें, पण बोललेलें कोणीच नसतें. ती मोकळेपणें भेटते, नोकरी करते. तरीही तिचें ‘उत्तर’ जड असतें, कारण परतीची वाट अरुंद आहे. १९१७ च्या कायद्यानें दिलेली घटस्फोटाची मर्यादित सवलत १९५० च्या दिवाणी संहितेंत उरली नाहीं. १९७७ सालीं ती मुसलमानांपुरती मिळाली. इतरांना विवाह मुळांतच रद्दबातल होता असें न्यायालयांत सिद्ध करावें लागतें, आणि तें काम खर्चाचें व दीर्घकाळाचें असतें. १९३० च्या दंडसंहितेचा न्याय तर पाहण्याजोगा आहे. पत्नीचा परपुरुषाशीं एकदां आलेला संबंधही गुन्हा ठरतो. पतीच्या बाबतींत मात्र त्यानें रखेली घरांत ठेवली, तिच्याशीं अन्यत्र संसार मांडला किंवा उघड बोभाटा केला, असें दाखवावें लागतें.

२०२४ च्या मे महिन्यांत कनिष्ठ सभागृहानें घटस्फोटाचें विधेयक मंजूर केलें. सिनेटमध्यें तें संमत झालें नाहीं.