सेंद्रिय तांदूळ आणि गुरुजींची शुगर

गेल्या महिन्यात ओळखीचे एक निवृत्त गुरुजी रक्ताचा रिपोर्ट घेऊन दवाखान्यात आले. जेवणानंतरची शुगर २६०. "डॉक्टरसाहेब, वर्षभर सेंद्रियच खातोय. दुप्पट भाव मोजून तांदूळ आणतो, तरी ही शुगर?" तांदूळ कसा असतो, असे मी विचारले. "मोगऱ्याच्या कळीसारखा, पांढराशुभ्र!" मला दुखणे तिथेच सापडले.

सेंद्रिय शेती म्हटले की आपल्याला शेतकरी आठवतो. पण ही चळवळ उभी राहिली तेव्हा तिच्या मुळाशी काही डॉक्टरही होते. ते काय सांगत होते, हे मी गुरुजींना सांगितले. वाचकांनाही ते उपयोगी पडेल.

सर रॉबर्ट मॅककॅरिसन हे इंडियन मेडिकल सर्व्हिसमधले डॉक्टर. १९०१ च्या सुमारास ते हिंदुस्थानात आले. गिलगिटमध्ये त्यांनी गलगंडाचा अभ्यास केला. शेजारच्या हुंझा खोऱ्यातील लोकांची धट्टीकट्टी प्रकृती त्यांच्या मनात भरली. आपण डॉक्टर रोग शोधत असतो; या माणसाने निरोगी माणसे निरोगी का, हे शोधायचे ठरवले. त्यासाठी निलगिरीतल्या कुन्नूरला त्यांनी प्रयोगशाळा चालवली. हीच संस्था पुढे हैदराबादला गेली; आजची राष्ट्रीय पोषण संस्था ती हीच.

तिथे त्यांनी पांढऱ्या उंदरांचे गट करून प्रत्येक गटाला हिंदुस्थानच्या एकेका भागातला आहार दिला. शिखांचा आहार म्हणजे चपाती, दूध, लोणी, डाळ, ताज्या भाज्या आणि आठवड्यातून एकदा मांस. त्यावरचे उंदीर सर्वांत सुदृढ निघाले, सरासरी वजन २३५ ग्रॅम. दुसरे पठाण आणि तिसरे आपण, मराठी मुलखातले. (हे ऐकून गुरुजींची मान ताठ झाली.) शेवटचा क्रमांक मद्रासकडच्या आहाराचा, वजन १५५ ग्रॅम. त्यात पॉलिशचा तांदूळ भरपूर आणि दूध, भाजी नावाला. आणखी एका गटाला त्यांनी इंग्लंडमधल्या गरिबांचा आहार दिला: मैद्याचा पाव, मार्गारीन, जॅम, गोड चहा, डब्यातले मांस. ते उंदीर खुरटले, चिडचिडे झाले आणि शेवटी आपल्यातल्याच दुबळ्यांना मारून खाऊ लागले.

पुढचा प्रश्न ओघानेच आला. धान्याचा कस मातीवरही अवलंबून असेल का? १९२६ साली त्यांनी शेणखतावरचे आणि रासायनिक खतावरचे धान्य उंदरांना देऊन पाहिले. शेणखताचे सरस ठरले. त्याच सुमारास इंदूरला सर अल्बर्ट हॉवर्ड आणि यशवंत वाड काडीकचरा, शेण, मूत्र मुरलेली माती आणि राख यांचे थर लावून, वरखाली करून तीन महिन्यांत कंपोस्ट तयार करत होते. १९३१ साली दोघांचे त्यावर पुस्तक निघाले. हॉवर्डचे नाव जगभर झाले, वाडांचे मात्र आपल्याकडेही कुणाला ठाऊक नाही.

या दोन धाग्यांची गाठ मारली ती माझ्यासारख्याच एका जनरल प्रॅक्टिशनरने. लायनेल पिक्टन हे इंग्लंडच्या चेशायर परगण्यातले खेडेगावचे डॉक्टर. तिथे १९११ च्या विमा कायद्याने डॉक्टरांवर दोन कामे सोपवली होती, रोग टाळणे आणि बरा करणे. २२ मार्च १९३९ रोजी क्रू गावी झालेल्या सभेत चेशायरच्या सुमारे ६०० डॉक्टरांच्या वतीने एक निवेदन मांडले गेले. दुसरे काम आम्ही केले, पहिले जमले नाही, कारण लोकांचे खाणेच निकस आहे, अशी त्यात सरळ कबुली होती. त्या सभेत मॅककॅरिसन आणि हॉवर्ड दोघेही बोलले. लेडी ईव्ह बाल्फोर यांनी १९४३ च्या आपल्या पुस्तकात या डॉक्टरांचा आधार घेतला, आणि १९४६ साली इंग्लंडमध्ये सॉइल असोसिएशन ही संस्था निघाली.

आता माझे मत. गर्भवती स्त्रियांना काय द्यावे, याची यादी त्या निवेदनात आहे: कोंड्यासह गव्हाचा पाव, दूध, अंडी, हिरव्या पालेभाज्या, फळे. त्यांचा पहिला भर ताटावर होता, शेत त्यानंतर आले. ताटाबद्दलचे त्यांचे म्हणणे आजही पक्के आहे. खताबद्दलचे तितके नाही. नंतरच्या प्रयोगांत दोन्ही धान्यांच्या कसात एवढा ठळक फरक दिसला नाही. आणि आपण ज्या कीटकनाशकांना भितो, ती तर त्यांच्या काळी फारशी नव्हतीच. त्यांचा वाद खताशी होता.

फवारणीच्या विषाची भीती मात्र खरी आहे. तिचा पहिला फटका खाणाऱ्याला बसत नाही, फवारणाऱ्याला बसतो. २०१७ साली यवतमाळ जिल्ह्यात वीसहून अधिक माणसे फवारणीच्या विषबाधेने दगावली. घाम, तोंडाला फेस, टाचणीच्या टोकाएवढ्या झालेल्या बाहुल्या असा रोगी ज्याने एकदा पाहिला आहे, तो सेंद्रिय शेतीला नावे ठेवणार नाही. असे दिसले की कपडे काढून अंग साबणाने धुवावे आणि औषधाच्या डब्यासह थेट मोठ्या दवाखान्यात न्यावे.

गुरुजींचा तांदूळ विषमुक्त असेलही. पण पॉलिश करताना कोंडा गेला, त्याबरोबर ब-जीवनसत्त्व आणि तंतू गेले, उरला तो निव्वळ पिष्ट, आणि तोही ते दोन्ही वेळा ताटभर खात होते. मी त्यांना हातसडीचा तांदूळ सांगितला, तोही एकाच वेळी एक वाटी; हातसडीचा झाला तरी तो भातच. रात्री ज्वारीची भाकरी, वरण, पालेभाजी. सकाळ-संध्याकाळ अर्धा तास चालणे, आणि गोळी बंद करायची नाही.

"मग ते सेंद्रियचे दुप्पट पैसे?" त्यांनी विचारले. परवडत असेल तर जरूर द्या, पण त्याची पालेभाजी आणा, असे मी म्हणालो. तीन महिन्यांच्या सरासरीची शुगर तपासायला त्यांना दिवाळीनंतर बोलावले आहे.