निनो रोता : एका संगीत-शिक्षकाची चित्रपटसेवा

विद्वान् संगीतज्ञानें चित्रपटासारख्या हलक्या कामांत पडूं नये, असा पक्ष आमच्या पिढींतील बहुतेक गृहस्थांचा असे. आम्हींहि तो पुष्कळ वर्षें हिरीरीनें मांडिला. इटलीचे संगीतकार निनो रोता यांचें चरित्र वाचल्यावर मात्र तो आम्हांस सोडावा लागला.

रोता यांचा जन्म १९११ सालीं मिलान शहरीं झाला. बालवयांत रचिलेली त्यांची एक मोठी धार्मिक संगीतकृति १९२३ सालींच जाहीरपणें सादर झाली. पुढें फिलाडेल्फियाच्या कर्टिस संस्थेंत शिकून ते स्वदेशीं परतले आणि १९३९ पासून दक्षिणेकडील बारी येथील संगीत-विद्यालयांत अध्यापन करूं लागले. १९५० पासून पाव शतकाहून अधिक काळ ते त्या विद्यालयाचे प्रमुख होते. हा व्याप सांभाळून त्यांनीं सुमारें दीडशें चित्रपटांस संगीत दिलें!

दिग्दर्शक फेलिनी यांच्याशीं त्यांचें साहचर्य १९५२ पासून अखेरपर्यंत टिकलें. सर्कशींतील बँडच्या चालीसुद्धां रोता यांनीं त्याज्य मानिल्या नाहींत. 'ला स्त्रादा' (१९५४) या चित्रपटांत एक भोळी मुलगी तुतारीवर साधी चाल वाजविते. पुढें कोणी अनोळखी बाई कपडे वाळत घालतांना तीच चाल गुणगुणते, आणि त्या मुलीस टाकून गेलेल्या निष्ठुर मनुष्यास तिच्या मृत्यूची वार्ता त्यावरून लागते. येथें संगीत हें कथेचें भूषण नव्हे, तर कथेचा प्राणच होय.

'द गॉडफादर' (१९७२) चें त्यांचें संगीत ऑस्कर पारितोषिकासाठीं निवडलेल्या नांवांत होतें. परंतु त्यांतील प्रेमाची चाल त्यांच्याच 'फोर्तुनेल्ला' (१९५८) या चित्रपटांतील आहे असें आढळल्यावरून तें नांव वगळण्यांत आलें. शिक्षक असतांना गतवर्षींचाच निबंध पुन्हां लिहिणाऱ्या एका मुलाचे गुण आम्हींहि असेच कापले होते. पण पूर्वीच्या विनोदी चित्रपटांत जी चाल द्रुत लयींत खेळकर वाटे, तीच विलंबित होतांच करुण झाली. स्वर तेच, रस निराळा. यास पुनरुक्ति कसें म्हणावें? १९७४ च्या उत्तरभागांतहि ती चाल होतीच, आणि त्या संगीतास, कार्माइन कोपोला यांच्यासमवेत, तेंच पारितोषिक लाभलें.

रोता १९७९ सालीं रोम येथें निवर्तले. त्या मुलाचा निबंध आम्हीं नीट वाचून पाहिला होता काय, हा प्रश्न मात्र आमच्या मनांतून जात नाहीं.