वारशाचे मूल्य आणि दूरचित्रवाणी : डॅन क्रुकशँक यांची कारकीर्द

लंडनच्या यूस्टन रेल्वे स्थानकाचे भव्य प्रवेशद्वार फिलिप हार्डविक यांच्या आराखड्यानुसार १८३७ च्या सुमारास उभे राहिले. त्यास ‘कमान’ म्हणत असले, तरी वस्तुतः ते डोरिक स्तंभांवर आडव्या शिळा तोललेले ग्रीक धाटणीचे द्वार होते. स्थानकाच्या पुनर्बांधणीच्या वेळी ते पाडण्यास सुमारे १२ हजार पौंड, तर उकलून अन्यत्र उभारण्यास सुमारे १ लाख ९० हजार पौंड लागतील, असा हिशेब मांडण्यात आला. १९६१-६२ मध्ये द्वार पाडले गेले. या हिशेबात ऐतिहासिक मूल्याचा रकानाच नव्हता. वारसा ही सार्वजनिक वस्तू होय. तिचा लाभ असंख्यांत विखुरलेला असतो, खर्च मात्र एकाच्याच माथी पडतो. त्यामुळे बाजारभावाने तिचे मोल ठरत नाही.

हा रिक्त रकाना भरण्याचे कार्य ज्यांनी केले, त्यांत १९४९ मध्ये जन्मलेले डॅन क्रुकशँक हे एक प्रमुख नाव आहे. पडद्यावर येण्यापूर्वी ते वास्तुविषयक पत्रकार व जॉर्जियन काळातील घरांचे अभ्यासक होते. शहरांतील बेसुमार पाडापाडीवर त्यांनी कॉलिन एमरी यांच्यासह १९७५ मध्ये पुस्तक लिहिले. पूर्व लंडनमधील स्पिटलफील्ड्स येथील अठराव्या शतकातील घरे पाडली जाऊ नयेत, म्हणून १९७७ मध्ये कार्यकर्त्यांनी ती व्यापून धरली. त्या लढ्यातही ते होते. पुढे बीबीसीवरील ‘ब्रिटन्स बेस्ट बिल्डिंग्ज’ (२००२) व जगप्रवासावर आधारित ‘अराउंड द वर्ल्ड इन एटी ट्रेझर्स’ (२००५) या मालिकांनी ते घरोघरी पोहोचले. त्यांच्या निवेदनाला वजन आले ते या पूर्वतयारीमुळे. केवळ वाक्चातुर्याने नव्हे.

यूस्टनच्या द्वाराचे दगड पूर्व लंडनमधील एका जलमार्गाच्या तळाशी भरावासाठी टाकल्याचे त्यांनी १९९४ मध्ये शोधून काढले. दूरचित्रवाणीवर दगड वर येताना दिसले आणि विस्मृत प्रश्न पुन्हा सार्वजनिक झाला. १९९६ मध्ये पुनर्उभारणीसाठी न्यास स्थापन झाला. द्वार मात्र अद्याप उभे राहिलेले नाही.

भारतात राज्यघटनेच्या अनुच्छेद ४९ ने राष्ट्रीय महत्त्वाच्या स्मारकांच्या रक्षणाची जबाबदारी राज्यसंस्थेवर टाकली आहे. १९५८ च्या प्राचीन स्मारक कायद्यातील २०१० च्या दुरुस्तीनुसार संरक्षित स्मारकाभोवती किमान १०० मीटर क्षेत्र प्रतिबंधित, तर त्यापुढील किमान २०० मीटर विनियमित असते. तथापि हे कवच घोषित स्मारकांनाच लाभते. जुने वाडे, हवेल्या, घाटांलगतच्या वस्त्या यांपैकी बहुतेकांचा हिशेब आजही पाडण्याच्या खर्चावरच मांडला जातो.