झुरळांच्या घरी हिरवे रोप

झुरळ दिसले की आपल्या घरात आधी चप्पल शोधली जाते. त्याच्यासाठी काचेचे घर बांधावे आणि त्या घरात हौसेने रोप लावावे, ही कल्पना ऐकून गृहिणींना हसू येईल, नाहीतर शिसारी! पण वाचकहो, झुरळांच्या साडेचार हजारांहून अधिक जाती जगात आहेत आणि त्यांतल्या जेमतेम तीस माणसाच्या घराशी सलगी करतात. बाकीच्या बिचाऱ्या रानातल्या पाचोळ्यात आपापला संसार करतात.

त्यांतलीच एक देखणी जात दक्षिण भारतातली. काळ्याभोर अंगावर सात पांढरे ठिपके. लिनिअसने १७५८ सालीच तिचे वर्णन करून ठेवले आहे. लातूरच्या माझ्या भाच्याने ती काचपेटीत पाळली आहेत. मी नांदेडला मराठी शिकवतो. कीटक हा काही माझा प्रांत नव्हे. पण बहिणीकडे गेलो की त्या पेटीपुढे माझा तास तास जातो.

या झुरळांची पिले मातीत दडून वाढतात. माती पार सुकली तर ती दगावतात. चिंब झाली तर बुरशी माजते. लातूरला तर एप्रिल २०१६ मध्ये मिरजेहून आगगाडीने पाणी आणावे लागले होते. अशा गावच्या उन्हाळ्यात पेटीत बेताची ओल टिकवायची कशी? इथे रोप कामी येते. मुळे माती धरून ठेवतात, पाने हवेत बाष्प सोडतात आणि झाकण बरेचसे मिटलेले असले की तेच पाणी आत फिरत राहते.

ही युक्ती जुनीच आहे. १८२९ च्या सुमारास लंडनच्या डॉ. नॅथॅनिएल वॉर्ड यांनी पतंगाचा एक कोश ओल्या मातीत, बंद बाटलीत ठेवला होता. त्या मातीत नेचा आणि गवत उगवले. त्यावरून त्यांनी काचपेट्या केल्या आणि पुढे तशाच पेट्यांतून चीनमधली चहाची रोपे हिंदुस्थानात आली. आपल्या सकाळच्या चहावर एका पतंगाचे असे ऋण आहे!

मात्र रोप निवडताना डोळे उघडे हवेत. भाच्याने पहिले रोप एका रोपवाटिकेतून आणले आणि आठ दिवसांत निम्मी झुरळे उताणी पडली. पोराने दोन दिवस अन्न गोड मानले नाही. संशय गेला तो औषधावर. विक्रीच्या रोपांना कीड लागू नये म्हणून फवारणी होते. काही औषधे तर रसात मुरतात, पाने धुऊनही जात नाहीत. किड्यांपासून राखलेले रोप किड्यांच्याच घरी नेल्यावर दुसरे काय होणार?

पुढे त्याने शेजारच्या काकूंकडून, कधीच फवारा न लागलेल्या मनी प्लांटची फांदी मागून आणली आणि ती घरच्या मातीत रुजवली. कोवळा पाला झुरळे फस्त करतात, म्हणून हे जाड पानाचे रोप. मुळे उकरली जाऊ नयेत म्हणून बुंध्याशी चपटे दगड. एक कोपरा ओला, दुसरा कोरडा. खायला सुका पाचोळा आणि गाजराची चकती. पोट भरलेले असले की झुरळे रोपाच्या वाटेला कमी जातात.

यंदा पेटीत नवी पिले दिसू लागली आहेत. दिवाळीच्या साफसफाईत बहीण स्वयंपाकघरातल्या झुरळांवर फवारा मारते, पण त्याआधी हाक देते, “अरे, तुझी पेटी गच्चीवर नेलीस का?”