काट्याची किंमत आणि मापाचे मोल



गळीत हंगाम जवळ आला की आपल्याकडे दोन प्रश्न ठरलेले असतात. तोड कधी मिळणार आणि भाव काय देणार? मागच्या वार्षिक सभेत मात्र एका ज्येष्ठ सभासदांनी तिसराच प्रश्न काढला. अंदाजपत्रकात वजनकाटा, प्रयोगशाळा व मोजमापाची उपकरणे यांच्यापुढचा आकडा बघून ते म्हणाले, "अहो, जुना काटा चालतोय की! आता हे सगळं स्वस्त झालंय म्हणत्यात. मग एवढा पैका कशाला?" प्रश्न रास्त होता. सभेत वेळ अपुरा पडला, म्हणून या अंकात सविस्तर उत्तर देत आहोत.

आधी मापाचा हिशेब

२०२५-२६ च्या हंगामासाठी केंद्र सरकारने उसाची रास्त व किफायतशीर किंमत, म्हणजे एफआरपी, १०.२५ टक्के मूळ उताऱ्याला क्विंटलमागे ३५५ रुपये ठरवली. त्यापुढे उतारा ०.१ टक्क्याने वाढला की क्विंटलला ३ रुपये ४६ पैसे जादा. आता बघा, एका खेपेला काटा २० किलो कमी दाखवू लागला, तर या भावाने सभासदाचे ७१ रुपये गेले. दोन एकरांच्या फडाला आठ-दहा खेपा होतात. हिशेब ज्याचा त्याने करावा.

उताऱ्याचे तसेच. ०.१ टक्का म्हणजे टनाला ३४ रुपये ६० पैसे. पाच लाख टन गाळप करणाऱ्या कारखान्यात ही रक्कम १ कोटी ७३ लाख रुपये होते. आणि उतारा काढायचा तर तयार झालेल्या साखरेला गाळलेल्या उसाच्या वजनाने भागावे लागते. म्हणजे काटा चुकला की उताराही चुकला. बगॅस आणि मळीतून साखर किती वाया जाते, ते प्रयोगशाळेतल्या पोलारीमीटरवर कळते. तो चुकीचे दाखवू लागला तर गळती सुरू राहते आणि कुणाच्या ध्यानातही येत नाही.

परवान्याचे दिवस

प्रवरानगरला १९५०-५१ साली सहकारातील पहिला हंगाम झाला, त्या काळी प्रयोगशाळेतील चांगली उपकरणे बहुतांशी जर्मनीहून वा इंग्लंडहून येत. १९५६ च्या कायद्याने देशात दशमान वजनमापे आली आणि टप्प्याटप्प्याने मण-शेर जाऊन क्विंटल-किलो रुळले. उपकरण परदेशी असेल तर आयात परवाना काढावा लागे, जकातही जबर असे. त्यात ६ जून १९६६ रोजी रुपयाचे अवमूल्यन झाले. हजार डॉलरचे जे उपकरण आदल्या दिवशी ४,७६० रुपयांना पडत होते, ते ७,५०० रुपयांचे झाले. जकात त्यावर वेगळी.

परदेशावर किती दिवस अवलंबून राहायचे, या विचाराने सरकारने १९६४ साली राजस्थानात कोटा येथे इन्स्ट्रुमेंटेशन लिमिटेड ही कंपनी काढली. मोठ्या कारखान्यांना लागणारी नियंत्रणाची व मोजमापाची उपकरणे देशातच बनू लागली.

दार उघडल्यावर

जुलै १९९१ मध्ये रुपयाचे पुन्हा अवमूल्यन झाले. डॉलर सुमारे २६ रुपयांवर गेला. पण त्याच महिन्याच्या अंदाजपत्रकात जकातीचा कमाल दर १५० टक्क्यांवर आणला आणि पुढे उतरत उतरत २००७-०८ मध्ये शेतीमाल सोडून इतर मालावर तो १० टक्क्यांवर आला. २००१ साली आयातीवरचे उरलेसुरले संख्यात्मक निर्बंधही उठले. परदेशी माल मोकळेपणाने आला, त्याबरोबर चढाओढ आली. त्या चढाओढीत कोट्याचा कारखाना मागे पडला आणि २०१६ साली केंद्रीय मंत्रिमंडळाने तो बंद करण्याचा निर्णय घेतला.

मग सगळे स्वस्त झाले का? इथेच समजुतीचा घोटाळा होतो. मोजमापाच्या सर्व उपकरणांचे भाव एका वाटेने जात नाहीत. त्यांच्या तीन वाटा आहेत.

पहिली वाट साध्या इलेक्ट्रॉनिक मालाची. दर्शक, तापमापक, हातातले रिफ्रॅक्टोमीटर ही उपकरणे मोठ्या संख्येने बनू लागली आणि आवाक्यात आली. रसाचा ब्रिक्स दाखवणारे साधे हातातले रिफ्रॅक्टोमीटर आज हजार-दोन हजार रुपयांपासून मिळते. सभासदबंधू ऐकतात ती स्वस्ताई हीच.

दुसरी वाट बारीक अचूकतेच्या आयात मालाची. प्रयोगशाळेतील चांगला पोलारीमीटर किंवा डिस्टिलरीतील वस्तुमान प्रवाहमापक घ्यायचा तर डॉलर बघावा लागतो. २०२२ मध्ये डॉलरने ८० रुपयांचा टप्पा ओलांडला. म्हणजे तेच हजार डॉलरचे उपकरण ८० हजारांच्या पुढे गेले. २०२१ च्या सुमारास जगभर चिपचा तुटवडा पडला, तेव्हा तर पैसे मोजूनही मालासाठी थांबावे लागे. मागणीही वाढली आहे. २०१४ मध्ये केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाने साखर कारखाने व डिस्टिलऱ्या धरून १७ प्रकारच्या उद्योगांना सांडपाणी व धूर सतत मोजणारी यंत्रणा बसवायला सांगितले. पुढे इथेनॉल वाढले, तशी टाकी-टाकीवर, नळी-नळीवर मोजमाप करण्याची गरज वाढली.

तिसरी वाट आपल्या वजनकाट्याची. पूर्वीच्या काट्याखाली तरफा आणि धारेवर टेकलेले सांधे असत. आता तिथे लोडसेल असतात. भार पडला की लोडसेलचे पोलाद केसभर दबते, त्यावर चिकटवलेल्या पट्टीचा विद्युतरोध बदलतो आणि तो बदल केबिनमधल्या पडद्यावर किलोत दिसतो. दर्शक स्वस्त झाला असेल, पण वाहनाखालचा सांगाडा लोखंडाचा आणि पाया सिमेंटचा. तिथे लोखंडाचा बाजार चढला की काट्याचा भाव चढतो.

स्वस्त निविदेचा सापळा

आम्हाला सभासदांपुढे खरी गोष्ट मांडायची आहे ती पुढेच आहे. निविदेत जो आकडा दिसतो ती झाली खरेदीची किंमत. काट्याच्या खड्ड्यात पाणी साचते, उंदीर तारा कुरतडतात, वळवाच्या पावसात वीज पडून लोडसेल जातात. ऐन हंगामात काटा बंद पडला आणि सुटा भाग आठ दिवस मिळाला नाही, तर बाहेर गाड्यांची रांग लागते, तोडलेला ऊस वाळतो आणि वजन घटते. तो तोटा कुठल्याच निविदेत लिहिलेला नसतो.

म्हणून केवळ सर्वांत कमी दर पाहून उपकरण घेऊ नये, असे आमचे स्पष्ट मत आहे. उपकरणाच्या नमुन्याला सरकारी मान्यता आहे काय? दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिकी प्रयोगशाळेतील प्रमाणांपर्यंत धागा पोचणारा कॅलिब्रेशनचा दाखला सोबत आहे काय? सुटे भाग आणि माणूस जवळपास मिळेल काय? पाच वर्षांचा देखभालीचा खर्च किती? या चार प्रश्नांची उत्तरे घेऊन मगच दरांची तुलना करावी. अंदाजपत्रकातला आकडा मोठा दिसतो, कारण त्यात खरेदीबरोबर ही देखभालही धरली आहे.

जुन्या काट्याबद्दल म्हणाल, तर काटा चालतो आणि काटा बरोबर चालतो, यात फरक आहे. वैध मापन शास्त्र अधिनियम, २००९ हा १ एप्रिल २०११ पासून लागू आहे. आपण अजून ज्याला वजनमापे खाते म्हणतो, त्यांच्याकडून वजनकाट्याची दर बारा महिन्यांनी पडताळणी करून शिक्का घ्यावा लागतो. १० किलोच्या भागांचा काटा असेल, तर पडताळणीच्या वेळी ५ टनांच्या पुढे २० टनांपर्यंतच्या वजनात १० किलोपर्यंतच चूक चालते. शिक्का वर्षातून एकदा, गाड्या मात्र रोज शेकड्याने. मधल्या काळात प्रमाणित वजने ठेवून काटा तपासणे हे कारखान्याचेच काम आहे.

सभासदांनी काय करावे

काट्यावर गाडी लागण्यापूर्वी पडद्यावर शून्य आहे का, ते पाहावे. पडताळणीचा दाखला दर्शनी लावलेला असतो, त्यावरची तारीख वाचावी. रिकामी गाडी काट्याच्या पुढच्या टोकाला, मधे आणि मागच्या टोकाला उभी करून बघावी. तिन्ही वजने एका भागापेक्षा जास्त फरकाची आली तर तिथेच सांगावे. त्यात कुणी वाईट वाटून घेण्याचे कारण नाही. काटा जितका कारखान्याचा, तितकाच तुमचा.

आणखी एक. गावातल्या पाच-दहा सभासदांनी मिळून एक हातातले रिफ्रॅक्टोमीटर घ्यावे. आधी डिस्टिल्ड पाण्याच्या थेंबावर शून्य जुळवावे, मग उसाच्या बुडख्याचा आणि शेंड्याकडचा रस तपासावा. दोन्ही आकडे जवळजवळ आले की ऊस पक्व झाला असे समजावे. कोवळा ऊस गव्हाणीत पडला की सगळ्यांचाच उतारा मार खातो.

पुढच्या सभेत त्या ज्येष्ठ सभासदांनी पुन्हा उभे राहावे, अशी आमची इच्छा आहे. "काटा केवढ्याला घेतला?" हे त्यांनी विचारावेच. त्याबरोबर "शेवटचा कधी तपासला आणि किती चूक निघाली?" हेही विचारावे, आणि तारीख व आकडा मिळाल्याशिवाय खाली बसू नये, ही विनंती.