प्रत्यक्ष की अनुमान? : सोनोग्राफीचा रिपोर्ट वाचताना

थळच्या किनाऱ्यासमोर समुद्रात उभ्या असलेल्या खांदेरी किल्ल्यावर एक शिळा आहे. तिच्यावर लहान दगडाने आघात केला असता भांड्यासारखा धातूचा नाद उमटतो. डोळ्यांना ती दगडच दिसते. तिचे वेगळेपण कानालाच कळते. वस्तूचे अंतरंग ध्वनीवरून ओळखण्याची ही रीत वैद्यांना नवीन नाही. सुश्रुतांनी रोगज्ञानाच्या सहा उपायांत श्रोत्रेंद्रियाचा समावेश केला आहे, आणि चरकांनी आंत्रकूजन कानांनी परीक्षावे असे सांगितले आहे. आजची सोनोग्राफी हीदेखील मूलतः श्रवणपरीक्षाच होय. फरक इतकाच की, यंत्र जे ऐकते ते आपल्याला पडद्यावर चित्ररूपाने दाखवते, आणि चित्र समोर आले की आपण त्यास प्रत्यक्ष मानून बसतो. ही समजूत तपासून पाहणे, हा या लेखाचा हेतू आहे. मूत्राश्मरी, यकृद्विकार आणि गुल्म यांची चिकित्सा करणाऱ्या वैद्यांचा बराचसा व्यवहार आज या रिपोर्टवर चालतो, म्हणून हा प्रश्न केवळ तात्त्विक नाही.

नौकेवरील यंत्र व दवाखान्यातील यंत्र

रायगड किनाऱ्यावरील यांत्रिक नौकांवर मासे शोधण्याचे यंत्र आता परिचयाचे झाले आहे. नौकेच्या तळापासून ध्वनीचा स्पंद खाली सोडला जातो. तो समुद्रतळावर किंवा माशांच्या थव्यावर आपटून परत येतो, आणि जाण्यायेण्यास लागलेल्या वेळावरून यंत्र खोली काढते. समुद्राच्या पाण्यात ध्वनीचा वेग सेकंदाला सुमारे १५०० मीटर असतो. शरीरातील मृदू धातूंत तो सरासरी १५४० मीटर धरला जातो. दोन्ही आकडे इतके जवळचे असल्यामुळे तत्त्व एकच राहते. बदलते ती वारंवारता. नौकेवरील यंत्रे साधारणपणे ५० किंवा २०० किलोहर्ट्झवर चालतात, तर सोनोग्राफी २ ते १५ मेगाहर्ट्झवर. एक सेंटिमीटर खोलीवरून प्रतिध्वनी परत येण्यास अवघे १३ मायक्रोसेकंद लागतात.

या विद्येचा वैद्यकातील प्रवेशही बाहेरूनच झाला. ग्लासगोचे स्त्रीरोगतज्ज्ञ इयान डोनाल्ड यांनी लोखंडी भागांतील भेगा शोधणारे औद्योगिक यंत्र उदरातील गाठींसाठी वापरून पाहिले. १९५८ साली त्यांचा व सहकाऱ्यांचा निबंध 'लॅन्सेट' या नियतकालिकात प्रसिद्ध झाला.

परावर्तन : सीमेवरचा प्रतिध्वनी

प्रत्येक पदार्थ ध्वनीला कमीअधिक रोध करतो. पदार्थाची घनता व त्यातील ध्वनीचा वेग यांचा गुणाकार म्हणजे हा ध्वनिरोध. दोन पदार्थांचे रोध सारखे असतील तर ध्वनी सीमा ओलांडून निघून जातो. रोधांत अंतर असेल तर काही भाग मागे फिरतो. मेद व मांस यांच्या सीमेवरून सुमारे १ टक्का ऊर्जा परत येते. मृदू धातू व अस्थी यांच्या सीमेवरून सुमारे ४० टक्के परत येते, आणि मृदू धातू व वायू यांच्या सीमेवरून ९९.९ टक्के. तपासणीपूर्वी त्वचेवर जेल लावतात ते याचसाठी. प्रोब व त्वचा यांमध्ये हवेचा पातळ थर राहिला तरी ध्वनी आत शिरतच नाही.

भरतीची लाट किल्ल्याच्या तटावर समोरून आदळली तर ती आल्या वाटेने परतते; तिरपी आदळली तर दुसरीकडे जाते. मोठ्या व गुळगुळीत पृष्ठभागांवरून होणारे ध्वनीचे परावर्तन असेच कोनावर अवलंबून असते. मध्यपटल, पित्ताशयाची भित्ती, मूत्रपिंडाचे आवरण यांवर ध्वनी काटकोनात पडला तर रेषा ठळक उमटते. तिरपा पडला तर तीच रेषा फिकट होते किंवा नाहीशी होते. म्हणून चित्रात भित्ती खंडित दिसली तरी ती प्रत्यक्षात खंडित असेलच असे नाही.

विकिरण : कणाकणांतून विखुरलेला ध्वनी

समुद्रात रोवलेल्या बारीक खुंटावर लाट आली तर ती मागे फिरत नाही. खुंटाभोवती लहान वर्तुळे उठून चहूकडे पसरतात. ध्वनीच्या मार्गात त्याच्या तरंगलांबीपेक्षा लहान वस्तू आली की असेच घडते. यास विकिरण म्हणतात. ३.५ मेगाहर्ट्झच्या ध्वनीची तरंगलांबी शरीरात सुमारे ०.४४ मिलिमीटर असते. यकृतातील पेशीसमूह, सूक्ष्म वाहिन्या व तंतू याहून लहान असतात. त्यांतून विखुरलेल्या ध्वनीचा जो अल्प अंश प्रोबकडे परततो, त्यातूनच यकृताचा करडा, दाणेदार पोत पडद्यावर उमटतो.

येथे एक गोष्ट विसरता कामा नये. पडद्यावरील दाणे हे यकृतातील दाणे नव्हेत. असंख्य विखुरलेल्या लहरी एकमेकींत मिसळून कोठे प्रबळ होतात, कोठे क्षीण होतात. त्या मिश्रणाची ती खूण आहे. प्रोब किंवा वारंवारता बदलली की दाणाही बदलतो.

रक्तकण तर ७ ते ८ मायक्रोमीटरचे, म्हणजे तरंगलांबीच्या कित्येक पटींनी लहान. त्यांचे विकिरण इतके दुर्बल असते की, साध्या चित्रात रक्तवाहिनीचा अंतर्भाग काळा दिसतो. अशा सूक्ष्म कणांचे विकिरण वारंवारतेच्या चौथ्या घाताने वाढते. वारंवारता दुप्पट केली तर विकिरण सोळापट. परंतु वारंवारता वाढली की ध्वनी लवकर क्षीण होतो आणि खोलवर पोहोचत नाही. म्हणून गलग्रंथीसाठी उच्च व उदरासाठी निम्न वारंवारतेचा प्रोब वापरतात.

व्याप्ती आणि तिचा भंग

धूर पाहून अग्नीचे ज्ञान व्हावे, तसे प्रतिध्वनीवरून अवयवाचे ज्ञान होते. हे अनुमान आहे, आणि अनुमान व्याप्तीवर उभे असते. यंत्राने गृहीत धरलेली व्याप्ती अशी : ध्वनी सरळ रेषेत जातो, त्याचा वेग सर्वत्र १५४० मीटर असतो, तो एकदाच परावर्तित होऊन परततो, आणि खोलीनुसार ठरावीक प्रमाणात क्षीण होतो. यांपैकी एकही गृहीत मोडले की चित्रात आभास निर्माण होतो.

अश्मरीवरून बहुतेक ध्वनी मागे फिरतो किंवा तीत शोषला जातो, म्हणून तिच्यामागे काळी छाया पडते. द्रवाने भरलेल्या पिशवीत ध्वनी फारसा क्षीण होत नाही, म्हणून तिच्यामागील भाग अधिक उजळ दिसतो. मध्यपटलासारख्या प्रबळ परावर्तकामुळे यकृतातील गाठीचे प्रतिबिंब छातीच्या बाजूस उमटू शकते. पहिले दोन आभास निदानास उपकारक ठरतात : रिपोर्टमधील 'अकोस्टिक शॅडो' हे शब्द अश्मरीच्या बाजूने साक्ष देतात आणि 'पोस्टेरिअर एन्हान्समेंट' हे द्रवाच्या बाजूने. तिसरा मात्र दिशाभूल करतो.

चरकांची आठ कारणे

विद्यमान वस्तूदेखील इंद्रियांना का कळत नाही, याची आठ कारणे चरकांनी सूत्रस्थानाच्या अकराव्या अध्यायात दिली आहेत. 'काही आढळले नाही' असा रिपोर्ट हाती आला की ती एकेक करून आठवावीत.

अतिसन्निकर्ष : प्रोबच्या अगदी लगतचा भाग वारंवार होणाऱ्या परावर्तनामुळे अस्पष्ट असतो. अतिविप्रकर्ष : स्थूल रुग्णात खोलवरचा अवयव गाठेपर्यंत ध्वनी क्षीण होतो. आवरण : आंत्रातील वायू व अस्थी यांच्यामागील काहीही दिसत नाही, अग्न्याशय कित्येकदा याच कारणाने 'नीट दिसला नाही' असे लिहिले जाते. करणदौर्बल्य : यंत्र जुने किंवा प्रोब अयोग्य. मनोऽनवस्थान : तपासणाऱ्याचे अवधान सुटलेले. समानाभिहार : गाठीचा ध्वनिरोध सभोवतालच्या यकृतासारखाच असेल तर ती त्यात मिसळून जाते. अभिभव : मूत्रपिंडाच्या मध्यभागातील मेदाचे तेजस्वी प्रतिध्वनी लहान अश्मरीला झाकून टाकतात. अतिसौक्ष्म्य : वस्तू यंत्राच्या भेदनक्षमतेहून लहान.

तपासणीपूर्वी रुग्णास उपाशी ठेवणे किंवा पाणी पाजून मूत्राशय भरवणे, हे आवरण दूर करण्याचेच उपाय आहेत. उपवासाने पित्ताशय भरलेले राहते व वायू कमी होतो. भरलेले मूत्राशय आंत्रांना बाजूस सारून ध्वनीला वाट करून देते.

अश्मरीचिकित्सेत सावधानता

थळ-नवगाव परिसरातील रुग्ण अलिबागेस जाऊन सोनोग्राफी करून येतो. मूत्रपिंडात ६ मि.मी.ची अश्मरी सांगितली जाते. दोन महिने औषध घेतल्यावर दुसऱ्या केंद्रातील रिपोर्ट ४ मि.मी. सांगतो. अश्मरी विरघळली असा निष्कर्ष येथे काढता येईल काय? लहान अश्मरीचे सोनोग्राफीतील मोजमाप प्रोबचा कोन, तीव्रता व तपासणारा यांनुसार एकदोन मिलिमीटरने सहज बदलते, आणि ते वास्तवाहून मोठे येण्याकडे कल असतो. एवढा फरक गुणाचा पुरावा होऊ शकत नाही.

याहून गंभीर बाब पुढे आहे. दुसऱ्या रिपोर्टमध्ये अश्मरी दिसलीच नाही, रुग्णाचा शूलही थांबला, म्हणून चिकित्सा संपवली जाते. परंतु अश्मरी मूत्रपिंडातून सुटून मूत्रवाहिनीच्या मध्यभागी अडकली असेल तर आंत्रवायूच्या आवरणामुळे ती सोनोग्राफीत दिसत नाही. शूल थांबणे म्हणजे अवरोध सुटणे नव्हे. वेदनारहित अवरोध कित्येक आठवडे राहिला तर मूत्रपिंड कायमचे निकामी होऊ शकते. म्हणून अश्मरी दिसते की नाही याबरोबरच मूत्रपिंड फुगलेले आहे काय, म्हणजे रिपोर्टमध्ये 'हायड्रोनेफ्रोसिस' आहे काय, हे प्रथम पाहावे. ते असेल आणि अश्मरी दिसत नसेल तर कॉन्ट्रास्ट न देता केलेला सी.टी. स्कॅन खरा निर्णय देतो. गर्भिणीत मात्र तो टाळून तज्ज्ञांचा सल्ला घ्यावा. अवरोधासह ज्वर असेल तर त्याच दिवशी रुग्णालयात पाठवणे हेच कर्तव्य.

मेदयुक्त यकृताबाबतही हाच विवेक हवा. मेदाच्या कणांमुळे विकिरण वाढून यकृत उजळते, आणि ध्वनी क्षीण होऊन खोलवरचा भाग अंधुक होतो. 'ग्रेड एक, दोन, तीन' ही प्रतवारी मुख्यतः डोळ्यांनी केलेली असते. अल्प मेद सोनोग्राफीत निसटू शकतो. म्हणून औषधाचा गुण पाहताना शक्यतो त्याच केंद्रात, त्याच यंत्रावर, तशाच पूर्वतयारीने तपासणी करून घ्यावी, आणि प्रतवारीला वजन, कटिमाप व रक्तपरीक्षा यांची जोड द्यावी.

औषधी दुकानदारांसाठी एक सूचना आवश्यक वाटते. आधीचा व नंतरचा सोनोग्राफी रिपोर्ट शेजारी शेजारी लावून औषधाची महती सांगण्याचा मोह होतो. १९५४ च्या औषधे व जादूटोण्याचे उपाय (आक्षेपार्ह जाहिराती) कायद्याच्या परिशिष्टात पित्ताशय, मूत्रपिंड व मूत्राशय यांतील अश्मरींचा स्पष्ट उल्लेख आहे. त्या बऱ्या करण्याचा दावा करणारी जाहिरात कायद्याने निषिद्ध आहे. शास्त्रदृष्ट्याही त्या दोन चित्रांची तुलना किती दुर्बल असते, हे वर आलेच आहे.

सोनोग्राफी निरुपयोगी आहे, असा याचा अर्थ नव्हे. क्ष-किरणांत न दिसणारी युरिक आम्लाची अश्मरीदेखील ध्वनिरोधातील अंतरामुळे येथे दिसते, आणि तीही किरणांच्या उपद्रवाविना. अनुमान हे प्रमाणच आहे. मात्र त्याची व्याप्ती जाणणाऱ्यालाच ते उपयोगी पडते. रिपोर्टची शेवटची 'इम्प्रेशन' ही ओळ वाचून थांबू नये. अवयव किती दिसला, कोणता दिसला नाही, छाया पडली काय, हे मधले परिच्छेद वाचावेत. शंका असल्यास तपासणाऱ्या तज्ज्ञांना दूरध्वनी करून विचारावे. आणि प्रश्न व स्पर्शन यांनी मिळालेले ज्ञान रिपोर्टशी जुळत नसेल तर पुन्हा तपासणी करून घ्यावी.